चाकणहून नित्राला: स्लोव्हाकियातली कारखान्याची नोकरी घेण्याआधी

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: चाकणला बॉडी शॉपच्या, म्हणजे गाडीचा सांगाडा जोडणाऱ्या विभागाच्या, मेंटेनन्समध्ये सात वर्षं काढली, डिप्लोमा आहे, आणि एका एजंटाने स्लोव्हाकियातल्या नित्रा शहरात गाड्यांचे भाग पुरवणाऱ्या कंपनीत महिना १,८०० युरोंची नोकरी सांगितली आहे. तिथल्या उद्योगांची अवस्था कशी आहे, आणि जावं का? पगाराचा आकडा बरा आहे. पण त्या देशात पगाराच्या आधी दोन गोष्टी विचारायच्या: तुमची लाईन कोणत्या गाडीच्या मॉडेलसाठी चालते, आणि करारावर सही कोणाची आहे. बाकी सगळं या दोन उत्तरांवर ठरतं. का, ते नीट सांगतो.

स्लोव्हाकियाची लोकसंख्या ५४ लाख, म्हणजे आपल्या पुणे जिल्ह्यापेक्षाही कमी. एवढ्या लोकांत वर्षाला दहा लाखांच्या आसपास मोटारी बनतात. दरडोई मोटार उत्पादनात हा देश जगात पहिला आहे. हे सगळं चार कारखान्यांवर उभं आहे. ब्रातिस्लावाला फोक्सवॅगन १९९१ मध्ये आली; तिथे ऑडी क्यू७, क्यू८ आणि पोर्शे कायेन यांसारख्या मोठ्या महाग गाड्या बनतात. त्रनावाला स्टेलांटिस आहे, म्हणजे पूर्वीची प्यूजो-सिट्रोएन, लहान गाड्यांसाठी. झिलिनाला किया आहे. या दोन्हींचं उत्पादन २००६ मध्ये सुरू झालं. आणि नित्राला जग्वार लँड रोव्हर, २०१८ पासून. तिथे डिफेंडर आणि डिस्कव्हरी बनतात आणि क्षमता वर्षाला दीड लाख गाड्यांची आहे. टाटा मोटर्सने ही कंपनी २००८ मध्ये घेतली, त्यामुळे नित्राच्या कारखान्याची मालकी शेवटी आपल्याकडेच येते. एप्रिल २०२५ मध्ये राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू स्लोव्हाकियाच्या दौऱ्यावर असताना या कारखान्यात गेल्या होत्या. पाचवा कारखाना व्होल्वोचा, पूर्वेला कोशित्सेजवळ व्हालालिकीला उभा राहतो आहे. त्याची घोषणा जुलै २०२२ ची, वर्षाला अडीच लाख विजेच्या गाड्यांची.

यात ताकद आहे तशी अडचणही आहे. यातला एकही ब्रँड स्लोव्हाक नाही. कोणतं मॉडेल कुठे बनवायचं हे वोल्फ्सबर्ग, सोल, पॅरिस किंवा इंग्लंडमध्ये ठरतं. एक मॉडेल साधारण सात-आठ वर्षं चालतं. पुरवठादाराला मिळालेलं काम त्या मॉडेलपुरतं असतं. पुढच्या मॉडेलचं टेंडर हरलं तर लाईन उचलून दुसऱ्या देशात जाते. म्हणून मुलाखतीत सरळ विचारा: हा भाग कोणत्या गाडीचा, त्या गाडीचं उत्पादन कधी सुरू झालं, पुढच्या पिढीचं काम मिळालंय का. आपल्याकडे उमेदवाराने असं विचारणं आगाऊपणा वाटेल. तिथे वाटत नाही. प्लँट मॅनेजरला या प्रश्नाचं उत्तर माहीत असतंच, आणि तो टाळाटाळ करू लागला तर तेही उत्तरच आहे.

नित्राच्या बाबतीत अमेरिकेचा मुद्दा वेगळा समजून घ्या. अमेरिकेने एप्रिल २०२५ मध्ये परदेशी गाड्यांवर जादा आयातशुल्क लावलं. नंतर ब्रिटनमध्ये बनलेल्या गाड्यांना वर्षाला एक लाखाच्या मर्यादेत १० टक्के आणि युरोपीय संघात बनलेल्या गाड्यांना १५ टक्के, असा दर ठरला. म्हणजे एकाच कंपनीची इंग्लंडमध्ये बनलेली रेंज रोव्हर आणि नित्रात बनलेली डिफेंडर अमेरिकेच्या बंदरात वेगवेगळं शुल्क भरतात. डिफेंडर चांगली खपते म्हणून हा फरक आज पेलला जातो, पण मागणी घसरली तर नित्राच्या शिफ्टवर त्याचा परिणाम आधी दिसेल. ब्रातिस्लावाच्या मोठ्या गाड्यांचंही तसंच आहे. त्रनावा आणि किया मुख्यतः युरोपातल्या ग्राहकांसाठी बनवतात, त्यांना हा धक्का कमी. त्यांच्यापुढे चिनी गाड्यांची स्पर्धा आहे.

सप्टेंबर २०२५ मध्ये जग्वार लँड रोव्हरवर सायबर हल्ला झाला तेव्हा ब्रिटनबरोबर नित्राचं उत्पादनही महिनाभराहून जास्त बंद होतं. नित्रात पुरवठादार भाग बनवून गोदामात भरत नाही. गाडी ज्या क्रमाने लाईनवर येते त्या क्रमाने, काही तास आधी भाग पोचवतो. त्यामुळे मोठा कारखाना थांबला की आजूबाजूचे सगळे थांबतात. अशा वेळी तुमच्या पगाराचं काय होतं, हे जाण्याआधी माहीत हवं.

स्लोव्हाक कामगार कायद्याच्या कलम १४२ प्रमाणे मालकाच्या बाजूने काम थांबलं तर सरासरी कमाईचा पूर्ण पगार द्यावा लागतो. पण कंपनीने कामगार प्रतिनिधींशी लेखी करार केला असेल तर तो ६० टक्क्यांपर्यंत खाली आणता येतो, आणि मोटार उद्योगात असे करार सर्रास असतात. दुसरा प्रकार म्हणजे कामाच्या तासांचं खातं, कलम ८७अ. मंदीच्या महिन्यात तुम्ही घरी बसता, मूळ पगार पूर्ण मिळतो, पण न भरलेले तास तुमच्या नावावर उधार राहतात. मागणी वाढली की ते शनिवारी फेडायचे, आणि त्या तासांना ओव्हरटाईमचा दर लागत नाही. हिशेबाचा काळ ३० महिन्यांपर्यंत असू शकतो. "शनिवारी ओव्हरटाईम भरपूर मिळतो" असं एजंट सांगेल. आधी कंपनीत हे खातं आहे का ते विचारा. असेल तर ओव्हरटाईमची कमाई बजेटमध्ये धरू नका.

आता १,८०० युरो. त्यातून कर्मचाऱ्याचा सामाजिक विमा ९.४ टक्के जातो आणि आरोग्य विमा २०२६ पासून ५ टक्के. आधी तो ४ होता. उरलेल्या रकमेतून करमुक्त भाग वजा करून १९ टक्के आयकर. हातात साधारण १,३४० युरो येतात. पण करमुक्त भाग आपोआप वजा होत नाही. रुजू होताना करविषयक घोषणापत्रावर सही करावी लागते; ते राहून गेलं तर महिन्याला ९० युरोंहून जास्त रक्कम अडकते आणि पुढच्या वर्षीच्या वार्षिक हिशेबात परत मागावी लागते, त्यासाठीचा अर्ज १५ फेब्रुवारीच्या आत. नवीन माणसाला हा कागद कोणी समजावून सांगत नाही, गठ्ठ्यात दहावा-बारावा असतो. तो शोधून सही करा.

मालकाला तुम्ही १,८०० ला पडत नाही. त्याच्या वाट्याचा विमा ३६ टक्क्यांच्या वर आहे, म्हणजे त्याचा खर्च २,४५० च्या आसपास. सरकारने तूट भरून काढायला २०२५ मध्ये व्हॅट २० वरून २३ टक्के केला आणि एप्रिल २०२५ पासून कंपन्यांच्या बँक व्यवहारांवर ०.४ टक्के कर बसवला, दर व्यवहाराला जास्तीत जास्त ४० युरो. लहान पुरवठादारांना हे जड जातंय, आणि पगारवाढीच्या बोलण्यात हाच मुद्दा पुढे येतो. देशाचा सरासरी पगार २०२४ मध्ये १,५२४ युरो होता, किमान वेतन २०२६ मध्ये ९१५. म्हणजे १,८०० हा अनुभवी मेंटेनन्सवाल्यासाठी ठीक आकडा आहे, फार मोठा नाही. तो मूळ पगार आहे की रात्रपाळी धरून, हे आधी स्पष्ट करून घ्या. रात्रपाळीचा कायदेशीर भत्ता किमान वेतनाच्या तासाच्या दराच्या ४० टक्के असतो. २०२६ च्या दराने तासाला दोन युरोंहून थोडा जास्त. महिन्यात सात रात्री पडल्या तर शंभराच्या थोडं वर, इतकंच. शनिवारला ५० टक्के, रविवारला १०० टक्के, तेही किमान दरावरच. "भत्ते धरून १,८००" असा प्रकार असेल तर मूळ पगार बराच खाली असेल, आणि काम थांबल्यावरचे ६० टक्के त्याहून कमी होतील. आठवड्याचे तास तीन शिफ्टमध्ये ३७.५ असतात, दोन शिफ्टमध्ये ३८.७५. नित्रात एका बेडरूमच्या घराला वीज-गॅस धरून पाचशे ते सातशे युरो लागतात.

सही कोणाची? तुमचा करार थेट पुरवठादाराशी आहे की माणसं पुरवणाऱ्या एजन्सीशी? त्या देशात दोन्ही कायदेशीर आहेत. एजन्सीच्या माणसालाही शेजारी उभ्या असलेल्या कायम कामगाराइतकाच पगार आणि सोयी द्याव्या लागतात, असं कलम ५८ सांगतं. पण मंदी आली की एजन्सीची माणसं सगळ्यात आधी जातात, आणि परदेशी माणसाचा राहण्याचा परवाना त्याच नोकरीला बांधलेला असतो. नोकरी गेली की नवा मालक शोधायची मुदत आठवड्यांत मोजायची असते. त्यात एजन्सीच्या वसतिगृहात राहत असाल तर नोकरी आणि छप्पर एकाच दिवशी जातं. मला विचाराल तर १,६०० चा थेट करार १,८०० च्या एजन्सी करारापेक्षा बरा.

कंपनी तपासायला एक पैसा लागत नाही, आणि हे काम पुण्यात बसून एका संध्याकाळी होतं. ऑफर लेटरवर आठ आकडी नोंदणी क्रमांक असतो, त्याला इचो म्हणतात. तो नसेल तर मागा. तो क्रमांक स्लोव्हाक व्यापार नोंदणीच्या सरकारी संकेतस्थळावर टाका: कंपनी कधी स्थापन झाली, मालक कोण, व्यवसाय कोणता. सहा महिन्यांपूर्वी स्थापन झालेली आणि पाच हजार युरो भांडवलाची कंपनी "मोटार उद्योगातला मोठा पुरवठादार" नसते. मग वार्षिक हिशेबांच्या सरकारी नोंदणीत तोच क्रमांक टाकून तीन वर्षांची उलाढाल आणि नफा बघा. शेवटी सोशियाल्ना पोइस्तोव्न्या, म्हणजे तिथली सामाजिक विमा संस्था, थकबाकीदारांची यादी उघड ठेवते. कामगारांचा विमा थकवणारी कंपनी पगारही थकवते. शेवटच्या दोन पायऱ्या फार थोडे लोक करतात.

इकडच्या एजंटाचंही बघा. परदेशी नोकरीसाठी माणसं पाठवणारा एजंट परराष्ट्र मंत्रालयाकडे नोंदलेला असावा लागतो; ई-मायग्रेट संकेतस्थळावर त्याचा परवाना क्रमांक तपासता येतो. सेवाशुल्काची कायदेशीर मर्यादा ३०,००० रुपये अधिक जीएसटी आहे. चार-पाच लाख मागणारा माणूस कायद्याबाहेर मागतो आहे, मग तो "युरोप आहे, शेंगेन आहे" असं कितीही सांगो. शेंगेनवरून आणखी एक: स्लोव्हाक परवान्यावर तुम्ही व्हिएन्नाला फिरायला जाऊ शकता, ब्रातिस्लावाहून ते तासाभरावर आहे, पण ऑस्ट्रियात काम करू शकत नाही. "आधी स्लोव्हाकिया, मग सहा महिन्यांनी जर्मनी" हा एजंटांचा आवडता सल्ला परवाना गमावण्याचा खात्रीचा मार्ग आहे.

परवान्याचे दोन मार्ग. नोकरीसाठीचं तात्पुरतं वास्तव्य हा सर्वसाधारण मार्ग, आणि उच्च पात्रतेच्या कामाला निळं कार्ड. निळ्या कार्डाला त्या क्षेत्राच्या सरासरी पगाराच्या १.२ पट पगार लागतो. तुमच्या १,८०० मध्ये ते बसत नाही, आणि डिप्लोमावर पात्रतेचा भाग सिद्ध करणंही अवघड. तेव्हा पहिला मार्ग. मालक आधी तिथल्या रोजगार कार्यालयात जागा नोंदवतो. अर्ज तुम्ही दिल्लीतल्या स्लोव्हाक दूतावासात स्वतः जाऊन द्यायचा. पोलीस क्लिअरन्स पासपोर्ट ऑफिसमधून घ्यायचं, त्यावर परराष्ट्र मंत्रालयाचं अपोस्टिल (कागद परदेशात ग्राह्य ठरवणारा शिक्का), मग स्लोव्हाकमध्ये अधिकृत अनुवादकाकडून भाषांतर. डिप्लोम्याचंही तसंच, पण त्याला अपोस्टिलच्या आधी राज्य पातळीवरचं प्रमाणीकरण लागतं. सगळं बिघडतं ते तारखेत: क्लिअरन्ससारखे कागद अर्जाच्या दिवशी ९० दिवसांपेक्षा जुने चालत नाहीत. लोक क्लिअरन्स सगळ्यात आधी काढतात, मग दूतावासाच्या तारखेची वाट बघतात, आणि तारीख मिळते तेव्हा क्लिअरन्स शिळं झालेलं असतं. उलटं करा. डिप्लोम्याचं काम आधी उरकून ठेवा, दूतावासाची तारीख हातात आल्यावर क्लिअरन्स काढा. राहण्याच्या जागेचा पुरावा हवा असतो, त्यावर घरमालकाची नोटरीसमोरची सही लागते. खासगी घरमालक ती द्यायला बऱ्याचदा नाराज असतात, म्हणून पहिल्या काही महिन्यांची जागा नोकरी देणाऱ्या कंपनीनेच लेखी द्यावी असा आग्रह धरा. तिथे पोचल्यावर तीन कामाच्या दिवसांत परदेशी नागरिकांच्या पोलिसांकडे नोंद करायची.

आता कामाबद्दल, कारण तुमची खरी किंमत तिथे आहे. चाकणला तुम्ही बहुतेक पोलादी बॉडीवर स्पॉट वेल्डिंग सांभाळलं असेल: गन, टिप ड्रेसिंग, ट्रान्सफॉर्मर, पाण्याचं सर्किट. डिफेंडर आणि डिस्कव्हरीच्या बॉडी ॲल्युमिनियमच्या आहेत. तिथे जोड मुख्यतः स्वतः भोक पाडणाऱ्या रिव्हेटने आणि स्ट्रक्चरल ॲडेसिव्हने होतो. रोबो तोच, पण दुखणी वेगळी. रिव्हेटखालच्या डायला, म्हणजे साच्याला, तडा गेला किंवा ती झिजली की रिव्हेट वरून बरोबर दिसतो आणि आतली पकड कमी असते. ते जोड कापून मोजल्यावरच कळतं. म्हणून डाय ठरावीक जोडांनंतर बदलावीच लागते, फुटायची वाट बघायची नाही. रिव्हेटच्या नळीत एक उलटा अडकला की सेल, म्हणजे रोबोंचा तो अख्खा गट, थांबतो. शनिवार-रविवारच्या बंदनंतर नोझलमधलं ॲडेसिव्ह घट्ट होतं आणि सोमवारी सकाळी पहिला तासभर गळती किंवा तुटक रेघ येते. ॲल्युमिनियमची बारीक धूळ पेट घेते, त्यामुळे ती ओढून घेणारी यंत्रणा वेगळी असते आणि पोलाद घासलेलं ग्राइंडर तिथे नेत नाहीत. मुलाखतीआधी हे वाचून जा. "मला रिव्हेटिंग येत नाही, पण स्पॉट गनचं निदान मी असं करतो" हे प्रामाणिक उत्तर तिथल्या मेंटेनन्स प्रमुखाला पटतं. कुका किंवा फॅनुकच्या रोबोवर प्रोग्रॅम दुरुस्त करता येत असेल आणि सीमेन्सच्या टीआयए पोर्टलमध्ये, म्हणजे यंत्रं चालवणाऱ्या पीएलसी या नियंत्रकाच्या सॉफ्टवेअरमध्ये, फॉल्ट शोधता येत असेल तर ते बायोडेटाच्या पहिल्या ओळीत लिहा. नुसतं "पीएलसीचं ज्ञान" लिहून काही होत नाही. क्वालिटीकडे वळायचं असेल तर आयएटीएफ १६९४९ हे मोटार उद्योगाचं गुणवत्ता मानक आणि ८डी ही दोषाचं मूळ शोधायची पद्धत सगळीकडे चालते, फोक्सवॅगनच्या पुरवठादारांना व्हीडीए ६.३ हे जर्मन प्रक्रिया-तपासणीचं मानक लागतं.

एक अडथळा फार जणांना तिथे गेल्यावर कळतो. विजेचं पॅनल उघडून काम करायला ५०८/२००९ या नियमावलीखालचं प्रमाणपत्र लागतं. ते नसेल तर तुम्ही कितीही अनुभवी असा, पॅनलवर एकट्याने काम करता येत नाही, आणि "इलेक्ट्रिकल मेंटेनन्स" म्हणून नेलेल्या माणसाला मदतनीसाच्या दर्जाचा पगार मिळू शकतो. कंपनी हे प्रशिक्षण आणि परीक्षा देणार का, कोणत्या भाषेत, आणि तोवर पगार कोणत्या दर्जाचा, हे करारात लिहून घ्या. वेल्डर असाल तर आयएसओ ९६०६-१ चं प्रमाणपत्र भारतातूनच करून जाणं स्वस्त पडतं. आणि स्लोव्हाक शिका. इंजिनियर इंग्रजी बोलतात, फोरमन आणि ऑपरेटर नाही. रात्री दोन वाजता लाईन बंद पडते तेव्हा तुमच्याशी बोलणारा ऑपरेटरच असतो.

मोटारीबाहेर काय, असंही तुम्ही विचारलंत. व्हाह नदीच्या खोऱ्यात जुने अभियांत्रिकी उद्योग आहेत: पूखोवला टायर, किसुत्स्के नोव्हे मेस्तोला बेअरिंग. दुब्नित्साला दारूगोळ्याचं काम युक्रेन युद्धापासून जोरात आहे, पण तिथे परदेशी माणसाला सुरक्षा तपासणीमुळे जागा मिळणं कठीण. कोशित्सेचा पोलाद कारखाना २००० पासून यूएस स्टीलकडे होता, जून २०२५ पासून निप्पॉन स्टीलच्या छत्राखाली आला. मोठा मालक आहे, पण झोतभट्ट्या जुन्या आणि कार्बन उत्सर्जनाचा खर्च वाढता, दीर्घकाळाचं चित्र धूसर. विजेचा दर किती महत्त्वाचा आहे ते झियार नाद ह्रोनोमच्या स्लोवाल्को कारखान्यात दिसलं: वीज परवडेना म्हणून ऑगस्ट २०२२ मध्ये प्राथमिक ॲल्युमिनियमचं उत्पादन थांबवायचा निर्णय झाला आणि भट्ट्या बंद पडल्या. देशातली निम्म्याहून जास्त वीज अणुभट्ट्यांमधून येते, तरी बाजारभाव युरोपच्या बाजाराबरोबर चालतो. फाउंड्री, भट्टी, हीट ट्रीटमेंट अशा वीजखाऊ कंपनीची ऑफर आली तर जपून. याउलट होर्ना स्त्रेदाला पोर्शेचा बॅटरीचा कारखाना आहे, आणि विजेच्या कायेनचं उत्पादन ब्रातिस्लावाला असल्याने त्याला पुढची काही वर्षं काम आहे. बॅटरी मॉड्यूलच्या जोडणीत लेझर वेल्डिंग आणि गळती चाचणी जाणणाऱ्याला मागणी राहील.

पेन्शनचंही सांगून टाकतो. तिथलं पेन्शन मिळायला किमान १५ वर्षं विमा भरावा लागतो. चेक प्रजासत्ताक आणि हंगेरीशी भारताचा सामाजिक सुरक्षा करार आहे, स्लोव्हाकियाशी नाही. चार-पाच वर्षांत परतायचा विचार असेल तर पगारातून गेलेला तो वाटा परत येईल असं धरू नका. इथला पीएफ काढून न टाकता तसाच ठेवा.

आणि रुजू व्हायची तारीख. मोटार कारखाने उन्हाळ्यात जुलै-ऑगस्टच्या सुमारास आणि नाताळात सामूहिक रजेवर जातात. जूनमध्ये रुजू झालात तर तुमची रजा जमा झालेली नसते आणि त्या आठवड्यांचा पगार कापला जाऊ शकतो. प्रोबेशन तीन महिन्यांचं असतं, त्यातही हेच आठवडे जातात आणि काम दाखवायला वेळ उरत नाही. एजंटाला सप्टेंबर किंवा जानेवारीची तारीख मागा. करार दोन भाषांत असेल, स्लोव्हाक मजकूर ग्राह्य धरला जातो. सहीआधी त्याची प्रत मागवून मूळ पगार, कामाची जागा आणि मालकाचं नाव या तीन ओळी स्वतः पडताळून घ्या. प्रत यायला उशीर झाला तर तोवर एजंटाकडे मूळ पासपोर्ट देऊ नका.